पत्र कोणाचे? : टिळकांचा पत्रव्यवहार आणि वऱ्हाडचा पत्ता

१

मराठीतील पत्रवाङ्मयाचा अभ्यास दोन टोकांना झाला आहे. एका टोकाला ऐतिहासिक पत्रे आहेत. वि. का. राजवाडे यांनी १८९८ पासून प्रसिद्ध केलेले ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चे खंड, वासुदेवशास्त्री खरे यांचा ‘ऐतिहासिक लेखसंग्रह’ आणि गो. स. सरदेसाई यांनी संपादिलेले पेशवे दप्तराचे पंचेचाळीस खंड यांनी ही परंपरा घडविली. तिच्यात पत्राकडे साधन म्हणून पाहिले जाते. पत्रातून वार्ता, तिथी आणि व्यक्तिनामे काढून घेतली की पत्राचे काम संपले, अशी तिची धारणा आहे. दुसऱ्या टोकाला जी. ए. कुलकर्णी यांच्यासारख्या ललित लेखकांची पत्रे आहेत. ती आपण साहित्यकृती म्हणून वाचतो, त्यांतील शैलीची चर्चा करतो, त्यांवर प्रबंधिका लिहवून घेतो.

या दोन टोकांच्या मध्ये राजकारणी तत्त्वचिंतकाची पत्रे येतात आणि ती कोणाच्याच वाट्याला येत नाहीत. इतिहासाच्या अभ्यासकाला ती फार घरगुती वाटतात. मराठीच्या अध्यापकाला ती रुक्ष वाटतात. राज्यशास्त्राचा विद्यार्थी सिद्धांतासाठी ग्रंथाकडे वळतो आणि पत्रांना चरित्रकाराच्या स्वाधीन करतो. लोकमान्य टिळकांच्या पत्रांचे नेमके असेच झाले आहे. पत्रे संपादित होऊन प्रसिद्ध झाली. त्यांचा इंग्रजी संग्रह १९६६ साली निघाला. पुढे १९७० नंतरच्या दशकात ‘समग्र लोकमान्य टिळक’चे खंडही आले. तरीही ‘गीतारहस्या’वरील चर्चेत या पत्रांचा उल्लेख झालाच तर तळटीपेत होतो.

या उपेक्षेमागे एक गृहीत आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. पत्रसंग्रह म्हणजे पत्र लिहिणाऱ्याचा ग्रंथ, हे ते गृहीत होय. मुखपृष्ठावर त्याचे नाव असते, आरंभी त्याचे छायाचित्र असते, शेवटच्या सूचीत त्याच्याच जीवनातील घटनांचा क्रम असतो. वस्तुतः पत्र हा एकट्याचा लेखनप्रकार नाही. ते ज्याला लिहिले त्याच्या गरजेने, त्याच्या प्रश्नांनी आणि पुष्कळदा त्याच्या आधीच्या पत्राने ते घडलेले असते. तेव्हा पत्रसंग्रह लेखकाच्या बाजूने जितका वाचावा तितकाच पत्त्याच्या बाजूनेही वाचला पाहिजे. असे वाचन केले तर टिळकांचे विचार वेगळे दिसतात आणि वऱ्हाडचे त्या विचारांतील स्थानही वेगळे दिसते, एवढाच या लेखाचा मुद्दा आहे.

हा मुद्दा बार्शीटाकळीसारख्या गावातून मांडण्यास एक कारण आहे. अकोला–पूर्णा लोहमार्गावरील या तालुक्याच्या गावात कालिकादेवीच्या प्राचीन मंदिरात शके १०९८ चा, म्हणजे इ. स. ११७६ चा शिलालेख आहे. वऱ्हाडच्या इतिहासाचा अभ्यासक या लेखाशिवाय पुढे जाऊ शकत नाही. शिलालेखाला पत्ता नसतो. तो येणाऱ्या-जाणाऱ्या सर्वांसाठी असतो आणि म्हणूनच तो दगडावर कोरतात. पत्राचे याच्या उलट आहे. ते एकासाठी असते, कागदावर असते आणि काम झाले की टाकून देण्यासाठीच असते. आपल्या वाङ्मयेतिहासाने दगडाची जेवढी काळजी घेतली तेवढी कागदाची घेतलेली नाही. शिलालेख आठशे वर्षे टिकला. वऱ्हाडातील वकील, मालगुजार, शिक्षक आणि कार्यकर्ते यांच्या घरांतील शंभर वर्षांपूर्वीचे कागद मात्र वाड्याच्या वाटण्या होताना रद्दीत जातात.

२

पत्त्याच्या बाजूने वाचन म्हणजे काय, हे मंडालेच्या पत्रांवरून स्पष्ट होईल. २२ जुलै १९०८ रोजी टिळकांना सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा झाली आणि काही आठवड्यांतच त्यांची रवानगी ब्रह्मदेशातील मंडालेच्या तुरुंगात झाली. तेथून ते १९१४ च्या जूनमध्ये सुटून आले. या काळातील त्यांच्या पत्रव्यवहाराचे मुख्य ठिकाण म्हणजे त्यांचे भाचे धोंडोपंत विद्वांस. या पत्रांचे विषय पाहिले तर तत्त्वज्ञ तुरुंगात बसून काय लिहितो याविषयीची आपली कल्पना कोसळते. कोणते पुस्तक पाठवावे, कोणते परत न्यावे, अपिलाचे काम कोठवर आले, ताईमहाराज प्रकरणात कोणते कागद हाताशी हवेत, मुलांच्या शिक्षणाचे काय, घरखर्चाचे काय, प्रकृती कशी आहे, असे विषय पुनःपुन्हा येतात.

यांत तत्त्वज्ञान कोठे आहे, असा प्रश्न विद्यार्थी विचारतात. उत्तर असे की ते पुस्तकांच्या याद्यांत आहे. ‘गीतारहस्य’ १९१०-११ च्या हिवाळ्यात लिहिले गेले. सुट्या कागदांऐवजी बांधीव वह्या, त्यांची पाने मोजून आकडे घातलेली आणि शाईऐवजी शिसपेन, या बंधनांत ते लिहावे लागले, हे ग्रंथाच्या प्रस्तावनेवरून सर्वांना माहीत आहे. परंतु एका कैद्याच्या खोलीत शांकरभाष्यापासून कांट आणि ग्रीन यांच्यापर्यंतचे ग्रंथ आले कसे? ते पुण्याहून कोणी तरी शोधले, बांधले, तुरुंगाधिकाऱ्यांच्या तपासणीतून जातील असे पाठविले, म्हणून आले. ग्रंथाच्या मुखपृष्ठावर एक नाव आहे. पत्रांत मात्र त्या ग्रंथामागची माणसे दिसतात. ग्रंथ लिहून होत आल्याचे आणि गीतेचे नीतिशास्त्राच्या अंगाने विवेचन केल्याचे टिळकांनी १९११ च्या आरंभी धोंडोपंतांनाच कळविले. ‘गीतारहस्य’ छापून निघाले १९१५ साली. म्हणजे त्याचा पहिला सारांश कोणा शास्त्र्याला किंवा संपादकाला न जाता घरची व्यवस्था पाहणाऱ्या भाच्याला गेला. हा योगायोग नव्हे. कर्मयोगाचा सिद्धांत ज्याच्या रोजच्या खटाटोपावर उभा होता, त्याला तो प्रथम कळविला गेला.

दुसरे उदाहरण अधिक नाजूक आहे. ७ जून १९१२ रोजी टिळकांच्या पत्नी सत्यभामाबाई पुण्यात निवर्तल्या. तार मंडालेला पोचल्यावर टिळकांनी धोंडोपंतांना जे पत्र लिहिले, ते चरित्रकारांनी स्थितप्रज्ञतेचे प्रमाण म्हणून वारंवार पुढे केले आहे. आघात फार मोठा आहे हे त्यात ते मान्य करतात आणि लगेच मुलांच्या शिक्षणाकडे वळतात. आपण स्वतः याहून लहान वयात पोरके झालो होतो, तेव्हा संकटाने माणसाने अधिक स्वावलंबी व्हावे, अशा आशयाचा उपदेश करतात. काही वाचकांना या पत्रात वैराग्य दिसते, काहींना कठोरपणा दिसतो. दोन्ही वाचने लेखकाच्या मनाकडे पाहणारी आहेत. पत्त्याकडे पाहिले तर तिसरी गोष्ट दिसते. पत्र ज्याच्या हाती पडणार होते त्याला ते त्या घरातील दोन आईवेगळ्या मुलांना समजावून सांगायचे होते. शिवाय ते आधी तुरुंगाचा अधिकारी वाचणार होता. ज्या पत्राला असे तीन वाचक आहेत त्यात लेखक आपले मन किती उघडे करील? तेव्हा हे पत्र टिळकांच्या अंतःकरणाचा निर्णायक पुरावा मानणे जितके चूक, तितकेच ते त्यांच्या तत्त्वज्ञानाचे उदाहरण म्हणून फळ्यावर लिहिणेही चूक. ते एका कुटुंबप्रमुखाने दूरवरून केलेले काम आहे. आणि कर्मयोगाची व्याख्या काम करून दाखविण्यातच असेल, तर हे पत्र तिचे स्पष्टीकरण नसून प्रयोग आहे.

टिळकांच्या पत्रांतील रुक्षपणाविषयी जे म्हटले जाते त्याचा विचारही याच अंगाने केला पाहिजे. ‘केसरी’चा अग्रलेख हजारो अनोळखी वाचकांसाठी असे, तेथे दृष्टांत, म्हणी, उपहास आणि पुनरुक्ती यांची गरज होती. पत्रातील वाचकाला संदर्भ ठाऊक असे, म्हणून एका वाक्यात काम भागे. हा शैलीचा अभाव नाही. प्राप्तकर्त्यावरील विश्वासामुळे आलेली ती मितभाषा आहे. ‘केसरी’तील गद्य आणि पत्रातील गद्य शेजारी ठेवून वाचण्याचा एक साधा स्वाध्याय पदव्युत्तर वर्गात घेतला, तर मराठी निबंधशैलीविषयी पुष्कळ काही शिकता येईल.

३

आता वऱ्हाडकडे वळू. टिळकांच्या निकटवर्तुळात पुण्याबाहेरचे जे पत्ते होते, त्यांत अमरावतीचा पत्ता फार महत्त्वाचा आहे. गणेश श्रीकृष्ण उर्फ दादासाहेब खापर्डे (१८५४–१९३८) हे अमरावतीचे नामांकित वकील, १८९७ च्या अमरावती काँग्रेसचे स्वागताध्यक्ष आणि टिळकांचे जिवलग मित्र. ताईमहाराज प्रकरणात दोघेही विश्वस्त या नात्याने गुंतलेले होते. १९०८ च्या शिक्षेनंतर खापर्डे आपली भरभराटीची वकिली बाजूला ठेवून इंग्लंडला गेले आणि टिळकांच्या सुटकेसाठी सुमारे दोन वर्षे तेथे राहिले. प्रिव्ही कौन्सिलने अपिलाची परवानगी नाकारली. परतताना, १९१० च्या ऑक्टोबरात, त्यांनी ब्रह्मदेशाची वाट धरून मंडालेच्या तुरुंगात टिळकांची भेट घेतली. त्यानंतर थोड्याच दिवसांत टिळकांनी ‘गीतारहस्य’ लिहावयास घेतले. या दोन घटनांत कार्यकारणभाव आहे असे म्हणण्याचे धाडस कोणी करू नये. पण कायद्याची वाट संपली आणि ग्रंथाची वाट सुरू झाली, हा क्रम दुर्लक्षणीय नाही.

खापर्ड्यांचे विशेष महत्त्व असे की त्यांनी वर्षानुवर्षे इंग्रजीत दैनंदिनी ठेवली. ही दैनंदिनी आणि त्यांचे अन्य कागद दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत. तिच्यातील शिर्डीमुक्कामाचा भाग साईभक्तांनी छापला आणि तो घरोघर पोचला. राजकीय भाग मात्र संशोधकांपुरता राहिला. वऱ्हाडातील मराठीच्या अभ्यासकांनी विचार करावा अशी ही गोष्ट आहे. एखाद्या राजकारणी पुरुषाच्या पत्रव्यवहाराची समोरची बाजू, तीही दिनांकवार, उपलब्ध असणे हे भाग्य फार थोड्या पत्रसंग्रहांच्या वाट्याला येते. पत्र कधी आले, ते वाचताना घरात कोण होते, त्यावर काय झाले, याचा मागोवा अशा दैनंदिनीवरून घेता येतो. पत्रे पुण्याच्या ग्रंथात आणि दैनंदिनी दिल्लीच्या दप्तरात असताना ही दोन अंगे जुळवून पाहण्याचे काम ज्यांनी करावयाचे ते आपण, या दोहोंच्या मध्ये, वऱ्हाडात बसलो आहोत.

वऱ्हाड हा टिळकांसाठी केवळ अनुयायांचा प्रांत नव्हता. येथे रघुनाथ नरसिंह मुधोळकर आणि मोरोपंत जोशी यांच्यासारखे नेमस्त पक्षाचे भक्कम नेतेही होते. मुधोळकर तर १९१२ च्या बांकीपूर काँग्रेसचे अध्यक्ष झाले. म्हणजे एकाच अमरावतीत, एकाच कोर्टात वकिली करणाऱ्या मंडळींत टिळकांचे मित्रही होते आणि प्रतिपक्षही. एप्रिल १९१६ मध्ये बेळगावला होमरूल लीगची स्थापना झाली तेव्हा वऱ्हाडची शाखा स्वतंत्र धरली गेली. अशा प्रांतात पाठविलेले पत्र मित्रालाच उद्देशून असले तरी त्याला विरोधकांच्या कुजबुजीचे भान ठेवावे लागे. पुण्याच्या राजकारणाचा विस्तार म्हणून वऱ्हाडकडे पाहिले की हे भान सुटते आणि पत्रातील सावध वाक्ये निरर्थक वाटू लागतात.

४

पत्त्याच्या बाजूने वाचन करण्याचा आग्रह धरला की एक अडचणीचा प्रश्न टाळता येत नाही. पत्रे कोणाला लिहिली गेली, हे पाहताना कोणाला लिहिली गेली नाहीत, हेही पाहावे लागते. टिळकांच्या पत्रांतील पत्त्यांची यादी केली तर तीत वकील, संपादक, प्राध्यापक, संस्थानी कारभारी आणि आप्तेष्ट यांचाच भरणा दिसतो. लिहिता-वाचता येणारा, इंग्रजी कळणारा आणि बहुतांशी उच्चवर्णीय असा हा वर्ग आहे. ज्यांना ‘तेल्यातांबोळ्यांचे पुढारी’ म्हणून गौरविले गेले, त्यांचा पत्रव्यवहार तेल्यातांबोळ्यांशी होत नव्हता. याचा दोष एकट्या टिळकांवर टाकणे इतिहासाला धरून होणार नाही; साक्षरतेची वाटणीच तशी होती. परंतु पत्त्यांची यादी हा एक सामाजिक दस्तऐवज आहे आणि तो झाकून पत्रांचा गौरव करणे हे संशोधन नव्हे.

येथे दुसरा पत्रसंग्रह शेजारी ठेवावा लागतो. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची पत्रे शंकरराव खरात यांनी संकलित केली. शासनाच्या ‘लेखन आणि भाषणे’ मालेतही पत्रव्यवहार आला. नाशिकच्या दादासाहेब गायकवाडांना लिहिलेल्या पत्रांत चळवळीचा दैनंदिन कारभार जसा दिसतो तसा बाबासाहेबांच्या कोणत्याही ग्रंथात दिसत नाही. या दोन संग्रहांतील पत्ते एकमेकांपासून किती दूर आहेत, हे पाहिले म्हणजे विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील महाराष्ट्राचा नकाशाच समोर येतो. एका नकाशावर गायकवाडवाडा, अमरावतीचे वकील आणि लंडनचे सॉलिसिटर आहेत. दुसऱ्यावर परळच्या चाळी, नाशिकचे कार्यकर्ते आणि वसतिगृहांचे अधीक्षक आहेत.

तरीही हे दोन नकाशे काही ठिकाणी एकमेकांना छेदतात. त्यांपैकी एक ठिकाण अमरावती आहे. नोव्हेंबर १९२७ मध्ये अंबादेवी मंदिरप्रवेशाच्या प्रश्नावर अमरावतीस परिषद भरली आणि डॉ. आंबेडकर तिचे अध्यक्ष होते. पंजाबराव देशमुखांसारखे तरुण नेते त्या चळवळीच्या बाजूने होते आणि देवस्थानाच्या कारभारात ज्यांच्या शब्दाला वजन होते त्यांत दादासाहेब खापर्डेही होते. ज्या माणसाने टिळकांसाठी दोन वर्षे परदेशात घालविली, त्याच माणसाच्या दारी आता दुसऱ्या एका स्वातंत्र्याची मागणी येऊन उभी राहिली होती. टिळक तेव्हा हयात नव्हते. पण टिळकांच्या पत्रांचा हा प्राप्तकर्ता त्या मागणीसमोर कसा वागला, हे तपासल्याशिवाय त्या पत्रांतील ‘स्वराज्य’ या शब्दाची व्याप्ती ठरविता येणार नाही.

दुसरे ठिकाण याहून हृदयाला भिडणारे आहे. मंडालेहून टिळक ज्या मुलांच्या शिक्षणाची चिंता करीत होते त्यांतील धाकटे श्रीधरपंत. पुढे ते समाज समता संघाच्या कार्यात पडले. एप्रिल १९२८ मध्ये संघाची शाखा त्यांनी गायकवाडवाड्यातच उघडली आणि त्या प्रसंगी डॉ. आंबेडकर तेथे आले. पुढच्याच महिन्यात, २५ मे १९२८ रोजी, श्रीधरपंतांनी आपले जीवन संपविले. त्यापूर्वी त्यांनी जी पत्रे लिहिली त्यांत एक डॉ. आंबेडकरांना होते. वडिलांच्या पत्रसंग्रहात ज्याचे नाव पुनःपुन्हा येते त्या मुलाचे अखेरचे पत्र दुसऱ्याच पत्त्यावर गेले. हे पत्र कोणत्या संग्रहात घालावयाचे? टिळकांच्या खंडात त्याला जागा नाही, कारण ते टिळकांचे नाही. आंबेडकरांच्या खंडात ते आलेले पत्र म्हणून येईल. पण मंडालेच्या पत्रांचे खरे उत्तर, सोळा वर्षांनी आलेले, ते हेच आहे असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही. थोर पुरुषागणिक एक खंड, या आपल्या संपादनपद्धतीत असे उत्तर कायमचे हरवते.

५

या प्रतिपादनावर दोन आक्षेप संभवतात. पहिला असा की खासगी पत्रे प्रसिद्धीसाठी लिहिलेली नसतात. त्यांचा वाङ्मयीन अभ्यास हा एक प्रकारे अतिक्रमच होय. हा आक्षेप जिवंत व्यक्तींच्या बाबतीत पूर्णपणे मान्य केला पाहिजे. मात्र ज्या पत्रांचा ग्रंथ होऊन अर्धशतक उलटून गेले त्यांच्या बाबतीत तो निवडकपणे वापरला जातो. गौरवाची पत्रे उद्धृत करताना कोणालाही खासगीपणा आठवत नाही. अडचणीची पत्रे आली की आठवतो. दुसरा आक्षेप असा की प्राप्तकर्त्याची बाजू शोधू लागलो तर मूळ लेखक बाजूला पडेल आणि साहित्याच्या अभ्यासाचे रूपांतर स्थानिक इतिहासात होईल. याला उत्तर एवढेच की लोकहितवादींची ‘शतपत्रे’ ही जशी सर्वांना उद्देशून लिहिलेली जाहीर पत्रे आहेत, तशी ही नाहीत. लेखनप्रकाराचा मूलधर्मच जर एका विशिष्ट वाचकाला उद्देशून असणे हा असेल, तर त्या वाचकाचा शोध हा साहित्याचाच अभ्यास ठरतो. नाटकाचा विचार प्रेक्षकावाचून होत नाही. पत्राचा प्राप्तकर्त्यावाचून कसा होईल?

यातून निष्पन्न होणारे काम मोठ्या विद्यापीठीय प्रकल्पाची वाट पाहत बसण्याचे नाही. उपलब्ध पत्रसंग्रहांतील वऱ्हाडच्या पत्त्यांची सूची करणे, हे एम. ए. च्या एका विद्यार्थ्याचे एका वर्षाचे काम आहे. त्या पत्त्यांवरील घराण्यांकडे विनंती करून शिल्लक कागदांची नोंद करणे, हे महाविद्यालयीन अध्यापकाचे दोन सुट्ट्यांचे काम आहे. मूळ कागद मागू नयेत. घरच्यांसमक्ष नक्कल किंवा छायाचित्र घ्यावे, दिनांक, पत्ता आणि पाकिटावरील टपालाचा शिक्का यांची नोंद करावी आणि कागद जागच्या जागी ठेवावेत. घराण्याने जे दाखविण्यास नकार दिला त्याचा आदर करावा. पुष्कळसा मजकूर मोडीत असेल. पुराभिलेख संचालनालयातर्फे मोडीचे प्रशिक्षणवर्ग होतात. पदव्युत्तर मराठी अभ्यासक्रमात मोडीवाचनाला आज जे शोभेचे स्थान आहे ते बदलून तिला प्रत्यक्ष कामाला लावण्याची ही संधी आहे. शोध केवळ वकिलांच्या वाड्यांत करून भागणार नाही. वऱ्हाडातील वस्त्यांत, ज्यांच्या आजोबा-पणजोबांनी १९२७ च्या आणि नंतरच्या चळवळींत भाग घेतला, त्यांच्या पत्र्याच्या पेट्यांतही पोस्टकार्डे असण्याचा संभव आहे. पत्त्यांच्या यादीतील ज्या रिकाम्या जागांविषयी वर लिहिले, त्या भरून निघाल्या तर तेथेच निघतील.

संपादकांकडूनही एक अपेक्षा आहे. यापुढे निघणाऱ्या कोणत्याही राजकारणी पुरुषाच्या पत्रसंग्रहात प्रत्येक पत्रासोबत प्राप्तकर्त्याची ओळख, मूळ पत्राची भाषा आणि लिपी, गाळलेल्या मजकुराची स्पष्ट खूण आणि उत्तर उपलब्ध असल्यास त्याचे ठिकाण, एवढे द्यावे. आपल्याकडे ‘किरकोळ मजकूर गाळला’ अशी सोय सर्रास केली जाते. पुस्तके, औषधे आणि पैसे यांचा हिशेब हा किरकोळ मजकूर नव्हे, हे मंडालेच्या पत्रांनी पुरेसे दाखविले आहे.

राजकीय विचार ग्रंथात सिद्ध होतो हे खरे. पण तो पोचतो कोणाकडे आणि अडतो कोठे, हे पत्रांत कळते. वऱ्हाडने टिळकांना पैसा दिला, सभा दिल्या, मित्र दिला. त्या बदल्यात आलेली पत्रे वाचण्याचे आणि जी आली नाहीत त्यांचा हिशेब मांडण्याचे काम मात्र वऱ्हाडने अजून अंगावर घेतलेले नाही. कालिकादेवीच्या मंदिरातील शिलालेखाला कोणी तरी ठसा घेऊन वाचेपर्यंत थांबता आले. कागदाला तेवढा धीर नसतो.